सॅम्पल माझं, रिपोर्ट अक्काचा

लॅबचं नाव लिहीत नाही. तक्रारीत नाव आलं की खालच्या पोराची नोकरी जाते आणि वरचा साहेब तिथेच राहतो, हे अंबड एमआयडीसीत अठ्ठावीस वर्षं क्वालिटीला काढल्यावर पक्कं माहीत झालंय. नाशिकमधली लॅब आहे, घरी येऊन रक्त नेते, रिपोर्ट व्हॉट्सॲपवर टाकते, एवढं पुरे. ज्यांचं माझ्यासारखं बोन मॅरो ट्रान्सप्लांट (हाडांतला रक्त तयार करणारा मगज बदलणं) झालंय किंवा घरात कुणाचं झालंय, त्यांनी शेवटपर्यंत वाचा. बाकीच्यांनी पुढचा एक परिच्छेद वाचून थांबलं तरी हरकत नाही.

आधी चांगलं. आम्ही सिडकोत राहतो, पवननगरला. कुंभमेळ्याच्या तयारीत रस्ते कुठे कधी खणलेले असतील याचा नेम नाही, पण सकाळी साडेसहाची वेळ दिली की यांचा पोरगा सहा पंचवीसला दारात. हॉर्न नाही, बेल एकदाच. केमोने माझ्या हाताच्या शिरा करपल्यात, भल्याभल्या सिस्टरांनी दोन-तीनदा टोचून सोडून दिलंय. हा पोरगा आधी कोमट पाण्यात हात धरायला लावतो, मग लहान मुलांची बटरफ्लाय सुई काढतो आणि एका टोचण्यात काम करतो. आणखी एक गोष्ट करतो, जी क्वालिटीवाल्याच्याच लक्षात येईल. "तुमचं नाव अमुक का?" असं विचारत नाही. "काका, नाव आणि जन्मतारीख तुम्ही सांगा," म्हणतो. मी सांगितल्यावर हातातल्या कागदाशी ताडतो आणि ट्यूबला बारकोड माझ्या डोळ्यांदेखत चिकटवतो, बॅगेत टाकल्यावर नाही. आमच्या इनवर्डला, म्हणजे आलेला माल तपासून घेणाऱ्यांना, हे शिकवायला मला चार वर्षं लागली. हिमोग्राम, शुगर, लिव्हर, किडनी, सगळं दुपारी दोनच्या आत येतं. या पोराला पाच तारे, तेही वेगळे द्या, लॅबच्या खात्यात मिसळू नका.

आता माझी भानगड.

मार्च २०२२ मध्ये दात घासताना हिरड्यांतून रक्त थांबेना. जिना चढताना धाप. मग मुंबई, आणि तिथे निदान झालं अक्यूट मायलॉईड ल्युकेमिया, म्हणजे रक्ताचा कॅन्सर. सकाळी नाशिकरोडला पंचवटी एक्सप्रेस पकडून किती फेऱ्या झाल्या ते मोजणं बायकोने सोडून दिलं. केमोचं सांगत बसत नाही. भोगलेल्यांना माहीत आहे, बाकीच्यांना सांगून कळत नाही. रोग मागे हटला, पण परत येणार असं डॉक्टर म्हणाले, ट्रान्सप्लांट करावंच लागेल. सख्ख्या भावंडांपैकी प्रत्येकाची पूर्ण जुळण्याची शक्यता चारात एक. आम्ही तिघं. धाकटा जुळला नाही. अक्का दहापैकी दहा जुळली.

अक्का माझ्याहून सहा वर्षांनी मोठी, निफाडला दिलेली, घरची द्राक्षबाग. ऐन ऑक्टोबर छाटणीत बाग दाजींच्या गळ्यात टाकून ती मुंबईला येऊन राहिली. रोज इंजेक्शनं दिली तिला, त्याने हाडांतल्या मूळपेशी रक्तात उतरतात. कंबर, मांड्या, छातीचं हाड नुसतं ठणकत होतं तिचं. मग दोन्ही हातांना सुया लावून साडेचार तास मशीनवर. नाक खाजलं तर नर्सला सांगावं लागत होतं. तिकडे माझा स्वतःचा मॅरो आधीच औषधांनी जाळून साफ केलेला. ट्रान्सप्लांट म्हटलं की लोकांना ऑपरेशन थिएटर दिसतं. तसलं काही नसतं. संध्याकाळी लाल पिशवी आली, स्टँडला लटकवली, नळीतून थेंबथेंब आत गेली. पाऊण तासात संपली. मला वाटलं होतं काहीतरी जाणवेल. मला झोप लागली.

या उपचाराचा पाया घालणाऱ्या डॉनल थॉमस या अमेरिकन डॉक्टरांना १९९० साली नोबेल मिळालं. मला त्या पिशवीनंतर चौदा महिन्यांनी बालरोगतज्ज्ञाकडचा लसीकरणाचा तक्ता मिळाला. लहानपणीच्या लशींची आठवण जुन्या पेशींबरोबर पुसली जाते, म्हणून धनुर्वात, घटसर्प, पोलिओ, सगळं पहिल्यापासून. कंपाउंडरने विचारलं, "बाळ कुठंय?" मी बाही वर केली.

मधूनमधून मुंबईला एक तपासणी व्हायची. कायमेरिझम म्हणतात तिला. रक्तातल्या किती पेशी दात्याच्या आणि किती तुमच्या, याची टक्केवारी. माझी आली नव्व्याण्णवच्या वर. म्हणजे रक्तात नव्व्याण्णव टक्के अक्का. डॉक्टरांनी हात मिळवला, बायकोने पेढे वाटले. त्या रात्री झोप येईना म्हणून मी त्या कागदाकडे बघत बसलो होतो. ही एकच तपासणी अशी असेल, जिच्यात मी जितका कमी तितकं चांगलं. पुढे कधी माझ्या पेशींची टक्केवारी वर सरकायला लागली, तर डॉक्टरांची झोप उडणार, कारण मी परत आलो म्हणजे रोगही परत आला असण्याची भीती.

एवढं माहीत असलं की पुढचं कळेल.

यंदा जूनमध्ये कंपनीने नवी ओळखपत्रं काढली. रक्तगटाचा ताजा रिपोर्ट हवा होता. पोरगा आला, रक्त घेऊन गेला. दुपारी फोन.

"सर, तुमचं सॅम्पल बदललंय. परत घ्यावं लागेल."

"सॅम्पल नाही बदललं. मी बदललोय."

मला वाटलं बरा विनोद झाला. पलीकडे बाई गप्प. मग त्याच आवाजात, "सर, सिस्टिममध्ये तुमचा २०१६ चा रिपोर्ट ए पॉझिटिव्ह आहे, आज ओ पॉझिटिव्ह दाखवतोय. रक्तगट कधीच बदलत नसतो सर."

शाळेपासून आपण हेच शिकलो, त्यामुळे त्या बाईंचा राग येत नाही. लांडस्टायनरने १९०१ मध्ये गट शोधले, तेव्हापासून जगाचं तसंच चाललंय. मी स्वतः ए पॉझिटिव्ह म्हणून एकतीस वेळा रक्तदान केलंय. गाडीच्या नंबरप्लेटशेजारी बारीक अक्षरात "ए+" लिहून घेतलेलं होतं, ते आता खरवडलंय. अक्का ओ. तांबडी पेशी साधारण चार महिने जगते. माझ्या जुन्या पेशी संपत गेल्या तशी अक्काच्या कारखान्यातली नवी येत गेली. गट असा हळूहळू बदलला, एका रात्रीत नाही.

इथे लॅबला एक गुण देतो. जुना रिपोर्ट आणि नवा रिपोर्ट आपोआप ताडून बघणारी व्यवस्था त्यांच्याकडे आहे. डेल्टा चेक म्हणतात तिला. फरक दिसला की रिपोर्ट अडतो. पुष्कळ ठिकाणी मशीनने दिलं ते छापून मोकळे होतात. अडवलं ते बरोबर केलं. पण अडवल्यावर "काही आजार, काही उपचार झालाय का" एवढा प्रश्न विचारायचा असतो. त्यांनी थेट सॅम्पल बदलल्याचा निकाल दिला आणि पहिला संशय त्या बिचाऱ्या पोरावर. मी हट्टाने त्यालाच परत बोलावलं. घाबरला होता. दुसऱ्यांदाही त्याने नाव मलाच सांगायला लावलं.

दुसऱ्या सॅम्पलने गोंधळ वाढवला. रक्तगट दोन बाजूंनी तपासतात हे मला तेव्हा कळलं. एकदा तांबड्या पेशी बघतात आणि एकदा पाणी, म्हणजे प्लाझ्मा. ओ गटाच्या माणसाच्या प्लाझ्मात ए आणि बी दोन्हींविरुद्ध प्रतिपिंडं असायला हवीत. माझ्यात फक्त बी विरुद्ध निघाली. पेशी म्हणतात ओ, प्लाझ्मा म्हणतो ए. टेक्निशियनने आधी मशीनला दोष दिला, मग बॉम्बे ग्रुपची शंका काढली (तो १९५२ मध्ये मुंबईत डॉ. भेंडे आणि सहकाऱ्यांनी शोधलेला गट, पण त्यात प्लाझ्मा सगळ्यांवरच तुटून पडतो). शेवटी त्यांच्या पॅथॉलॉजिस्ट मॅडमचा फोन आला. त्यांनी पहिल्याच वाक्यात विचारलं, "ट्रान्सप्लांट झालंय का तुमचं?" मी म्हटलं, देव पावला.

मॅडमनी समजावून सांगितलं ते असं. रक्त अक्काचं असलं तरी बाकीचं शरीर माझंच आहे. आतडी, रक्तवाहिन्यांची अस्तरं, लाळ, यांच्यावर अजून ए ची खूण आहे. अक्काच्या पेशींनी त्या खुणेविरुद्ध हत्यार काढलं असतं तर मी संपलो असतो. त्या निमूटपणे राहायला शिकल्या. म्हणून प्लाझ्मात ते एक प्रतिपिंड नाही. मला हे ऐकून बरं वाटलं. लग्न होऊन परक्या घरी नांदायला गेलेल्या अक्काने तिथेही हेच केलं होतं, सासूशी पंचेचाळीस वर्षं.

मॅडमनी फाइलला कायमची नोंद टाकली, "ट्रान्सप्लांट २०२२, दाता बहीण, ओ पॉझिटिव्ह". खिशात कार्ड ठेवायला सांगितलं, त्यावर मूळ गट, दात्याचा गट आणि ट्रान्सप्लांटची तारीख. अपघात झाला तर ब्लड बँकेला एवढं दिसलं पाहिजे. इथवर असतं तर मी चार तारे दिले असते.

श्रावणात त्याच लॅबचा फोन. जुन्या ग्राहकांसाठी ऑफर, 'जीनोमिक वेलनेस प्रोफाइल', साडेसात हजारांचं चार हजार नऊशे नव्व्याण्णवला. "तुमच्या शरीराची खरी ओळख करून घ्या सर." माझी चूक इथे. नाही म्हणता आलं असतं. पण अठ्ठावीस वर्षं पोलादाच्या प्रत्येक बारबरोबर मटेरियल टेस्ट सर्टिफिकेट मागणाऱ्या माणसाला स्वतःचं सर्टिफिकेट पाच हजारांत मिळतंय म्हटल्यावर मोह झाला. आणि मनात कुठेतरी वाटलं, दोघांचं मिसळून काहीतरी येईल, बघू तरी.

फॉर्म दोन पानी. तंबाखू, दारू, व्यायाम, झोप, किती वेळा बाहेर खाता. अवयव किंवा मॅरो प्रत्यारोपण झालंय का, हा प्रश्न दोन्ही पानांवर नाही. मी समासात पेनाने लिहिलं, "बीएमटी, ऑक्टो. २०२२", म्हणजे बोन मॅरो ट्रान्सप्लांट. पोरगा म्हणाला, "काका, हे चढणार नाही. त्याला बॉक्सच नाहीये." फाइलला जूनमधली नोंद होती तिचं काय? ती रक्तगटाच्या सॉफ्टवेअरला होती. जीनोमचं सॉफ्टवेअर वेगळं, नमुना बाहेरगावी जातो, तिकडे फक्त बारकोड पोचतो.

तीन आठवड्यांनी बेचाळीस पानांची रंगीत पीडीएफ आली. पहिल्या पानावर "श्री." लावून माझं नाव. त्याच्याच खाली, "लिंग: स्त्री (एक्सएक्स)". पुढची पानं सॉफ्टवेअरने त्या हिशेबाने बाईमाणसाची लावलेली. मॅमोग्राफी नियमित करा. रजोनिवृत्तीनंतर हाडांची काळजी घ्या. बायको वाचत गेली आणि डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसली. टक्कल पडण्याची शक्यता अत्यल्प. माझ्या डोक्यावर २००५ पासून काही नाही. दुधातली साखर पचत नाही, दूध टाळा. मी रोज रात्री ग्लासभर दूध पितो, मजेत पचतं, कारण आतडी माझी. अक्का मात्र कायम कोरा चहा पिते. लहानपणी आई तिला ओरडायची, नाटकं करते म्हणून. पन्नास वर्षांनी तिचं म्हणणं खरं ठरलं, पण माझ्या नावाने.

आमच्या धंद्यात हीट नंबर असतो. भट्टीतून एका वेळी निघालेल्या पोलादाला एक नंबर. बार कापला की तो नंबर प्रत्येक तुकड्यावर पंच करायचा, न चुकता. नंबर नसलेला तुकडा कितीही चांगला असो, लाल क्रेटमध्ये. दुसऱ्या हीटचा नंबर पडलेला तुकडा त्याहून वाईट, कारण तो क्रेटमध्ये जात नाही, गाडीत बसतो. लॅबच्या मॅनेजरला फोन केला तेव्हा ते म्हणाले, "सर, रिपोर्ट तांत्रिकदृष्ट्या अचूक आहे." बरोबर आहे त्यांचं. दिलेल्या रक्ताचं माप अचूक घेतलंय. फक्त ड्रॉइंग दुसऱ्या जॉबचं लावलंय.

मग मी वाचत सुटलो. अमेरिकेत नेवाडा राज्यातल्या रेनोचा एक माणूस, पोलिसांच्या खात्यातला. त्याच्या ट्रान्सप्लांटनंतर चार वर्षांनी तिथल्याच प्रयोगशाळेने जागोजागचे नमुने तपासले. गाल, ओठ, जीभ, सगळीकडे दात्याचा डीएनए मिसळलेला. निव्वळ त्याचा स्वतःचा उरला होता तो छातीच्या आणि डोक्याच्या केसांत. म्हणजे मी तर डोक्याच्या बाजूनेही गेलो. अलास्कात एका गुन्ह्याच्या जागी सापडलेला डीएनए ज्या माणसाशी जुळला, तो गुन्हा घडला तेव्हा तुरुंगात होता. त्याला भावाचा मॅरो बसवलेला, आणि गुन्हा त्या भावाचा. नाशिकलाही न्यायसहायक वैज्ञानिक प्रयोगशाळा आहे. मी कुठे दरोडा घालून रक्त सांडून आलो, तर पोलीस निफाडला जाऊन द्राक्षबागेतल्या आजीबाईला उचलतील. आधार कार्डाचं मात्र काही बिघडत नाही. बोटांचे ठसे आणि डोळ्यांची बुबुळं माझी मला आहेत. शूर्पणखेचं नाक कापलं म्हणून या गावाचं नाव नाशिक पडलं म्हणतात. नाक गेलेलं गावाला दिसतं. मॅरो गेलेला नंबरप्लेट खरवडेपर्यंत शेजाऱ्यालाही कळला नाही.

पितृपक्षात आईच्या श्राद्धाला रामकुंडावर गेलो. आमच्या क्षेत्रोपाध्यायांकडे वंशावळीची वही आहे. पणजोबांची मोडीतली सही तिच्यात आहे, खाडाखोड नाही, पान फाडलेलं नाही. इतकी स्वच्छ ट्रेसेबिलिटी मी जर्मन कंपन्यांच्या ऑडिटमध्येही पाहिली नाही. संकल्पाला नाव-गोत्र सांगायच्या आधी मी गुरुजींना सगळं सांगितलं. म्हटलं, रक्त बहिणीचं आहे, आणि बहिणीचं गोत्र लग्नानंतर बदललं, तर मी आता नेमका कुठल्या गोत्राचा? गुरुजींनी चष्म्यावरून पाहिलं. मागे अकरा जण रांगेत होते. "दक्षिणा कोण देणार?" मी म्हटलं, मीच. "मग तुमचंच गोत्र सांगा."

हसण्यावारी नेण्यासारखं एवढंच. आता पान एकतीस.

त्या पानावर 'एपीओई' नावाचं जनुक आहे. त्याच्या एका प्रकाराचा, ई४ चा, म्हातारपणच्या अल्झायमरशी संबंध आहे. एक प्रत असली तर धोका वाढतो, दोन असल्या तर पुष्कळ जास्त. होईलच असं नाही. रिपोर्टमध्ये दोन आहेत. लाल पट्टी, खाली बारीक अक्षरात "समुपदेशकाचा सल्ला घ्या", आणि समुपदेशकाचा नंबर नाही.

आमची आई शेवटची सहा वर्षं मला 'मास्तर' म्हणत होती. तिच्या माहेरच्या शाळेतले कुणी मास्तर असावेत. अक्काला मात्र ती शेवटपर्यंत ओळखायची, किंवा ओळखल्यासारखं करायची, कारण अक्का भेटायला गेली की आधी आईची वेणी घालायची. आम्ही तिघं भावंडं या विषयावर आजवर एक शब्द बोललेलो नाही. प्रत्येकाच्या मनात आहे, प्रत्येकाला माहीत आहे की दुसऱ्याच्या मनात आहे.

डीएनएची रचना शोधणाऱ्यांपैकी एक, जेम्स वॉटसन. २००७ मध्ये त्यांचा स्वतःचा जीनोम वाचून जाहीर झाला तेव्हा त्यांनी एवढंच एक जनुक झाकून ठेवायला सांगितलं. मला बघायचं नाही म्हणाले. वॉटसनना विचारलं तरी होतं. अक्काला कुणी विचारलं? तिने मूळपेशी दिल्या तेव्हा मुंबईत सहा कागदांवर सह्या केल्या. इंजेक्शनचा त्रास, मशीनचा त्रास, सगळं त्यात होतं. तुझा भाऊ तीन वर्षांनी ऑफर बघून तुझं म्हातारपण उघडून वाचेल, हे कुठल्याच कागदावर नव्हतं.

आणि माझं काय, तर काहीच कळलं नाही. मेंदू माझा जुनाच आहे. ट्रान्सप्लांटसाठी आम्ही जुळलो ते सहाव्या गुणसूत्रावर. एपीओई बसतं एकोणिसाव्यावर, तिथे ज्याचं नशीब त्याचं. अक्काला दोन आहेत म्हणजे एक आईकडून आली, एक अण्णांकडून. मग दोघांकडेही निदान एकेक होतीच, आणि माझ्या वेळी दोनदा नाणं उडालं असणार. काय पडलं ते हाताच्या केसाच्या मुळातून कळेल, रक्तातून कधीच नाही. मला बघायचं नाही. हे म्हणायची मुभा मला आहे, एवढाच आमच्या दोघांत फरक.

मी लॅबला लेखी कळवलं, हा रिपोर्ट रद्द करा आणि डेटा पुसून टाका, तुमच्याकडचा आणि बाहेरगावचाही. नम्र उत्तर आलं. पैसे वॉलेटमध्ये जमा होतील, पुढच्या तपासणीला वापरता येतील. डेटा पुसण्यासाठी मात्र "ज्या व्यक्तीचा जनुकीय डेटा आहे तिचा सहीनिशी अर्ज" लागेल. मी विचारलं, नाव कुणाचं आहे रिपोर्टवर? तुमचं. मग माझी सही घ्या. दोन दिवसांनी उत्तर, तुम्हीच लेखी दिलंय की हा डीएनए तुमचा नाही, त्यामुळे आमच्या कायदा विभागाचं मत अमुक. म्हणजे अक्काची सही आणायची. सही आणायची तर कशावर आणि का, ते सांगायचं. सांगायचं नाही म्हणून तर पुसून टाका म्हणतोय. तिसऱ्या मेलनंतर पॅथॉलॉजिस्ट मॅडमनी स्वतः फोन केला, माफी मागितली आणि आपल्या अधिकारात स्थानिक कॉपी बंद केली. बाहेरगावचं अजून "प्रक्रियेत" आहे. मॅडम नसत्या तर हे परीक्षण फार वेगळ्या भाषेत लिहिलं असतं.

तर, साध्या तपासण्यांना जा, खुशाल जा. मॅरो बदललेल्यांनी कुठल्याच लॅबचं जनुकांचं पॅकेज रक्तावर किंवा लाळेवर करू नका, ऑफर कितीही असो. खरोखर गरज असेल तर तुमच्या ट्रान्सप्लांटच्या डॉक्टरांना विचारा, ते वेगळा नमुना घेतात. आणि लॅबवाल्यांनो, फॉर्मवर एक बॉक्स टाका. एक ओळ. आमच्याकडे स्टोअरच्या पोरानेही टाकली असती.

तारे तीन. पोराचे पाच वेगळे, आधी लिहिलेत.

भाऊबीजेला अक्का आली होती. ओवाळून झाल्यावर पाटावरच बसून राहिली, गुडघे दुखतात म्हणाली. बायकोने न विचारता कोरा चहा आणला.

"त्या तुझ्या मोठ्या तपासणीचं काय निघालं रे? हिने फोनवर सांगितलं, खूप हसलात म्हणे."

"दूध पिऊ नको म्हणतात."

"मी कधी पिते?"

"आणि टक्कल पडणार नाही."

तिने माझ्या डोक्याकडे पाहिलं आणि पदर तोंडाला लावून हसत सुटली. "अजून काही?"

पान एकतीस मी छापलेल्या प्रतीतून काढून मायक्रोमीटरच्या पेटीखाली ठेवलंय, खणाला कुलूप आहे. म्हटलं, बाकी सगळं नॉर्मल.

संध्याकाळच्या बसने ती गेली. दिवाणावर तिचा चष्मा राहिला होता. चष्मा कुणीही विसरतं. दुसऱ्या दिवशी मी निफाडला नेऊन दिला.